अर्जवाल्या बाई

तुमची बायको काय करते असं कोणी विचारलं की मी सांगायचो, अर्ज करते. लोकांना वाटायचं मी थट्टा करतोय. थट्टा कसली! माझी बायको कित्येक वर्षं पगार घेऊन अर्ज करत होती, आणि त्यातला एकसुद्धा स्वतःसाठी नव्हता. डोंबिवलीच्या एमआयडीसीत इलेक्ट्रॉनिक्सचे छोटे छोटे गाळे होते. त्यांच्या मालकांची एक संघटना होती. त्यांचं सरकारदरबारी जे काय अडलं असेल ते सोडवून आणायचं, हे हिचं काम. जकात, वीज, टेलिफोन, विक्रीकर, काही म्हणा. आता असल्या कामाला मोठ्या कंपन्या माणसं ठेवतात आणि त्यांना गाडी देतात म्हणे. हिला संघटनेने एक जुना टाइपरायटर दिलेला, तोही खिळखिळा.

मी सातवी, तीही ढकललेली. केमिकल कंपनीत बॉयलरवर होतो आणि तिथूनच रिटायर झालो. लिहिणं हा माझा धंदा नाही. पण ती जाऊन आठ महिने झाले, आणि भेटायला येतो तो प्रत्येक जण म्हणतो, "फार प्रेमळ होत्या हो." कसली प्रेमळ! विक्षिप्त होती. अख्ख्या डोंबिवलीत अशी दुसरी नव्हती. ते कोणीतरी लिहून ठेवायला पाहिजे, आणि दुसरं कोणी लिहिणार नाही.

पहिलं तिचं स्टूल. घडीचं, लोखंडी नळ्यांचं, वर खाकी कापड. ते काखेत मारून ती सरकारी हपिसात जायची. तिचं म्हणणं असं, की साहेब आत बसतो आणि गरजू माणूस बाहेर व्हरांड्यात उभा राहतो. उभ्या माणसाचे पाय दुखतात, मग तो 'उद्या येतो' म्हणून निघून जातो. "बसलेल्या माणसाला घालवणं कठीण असतं," ती म्हणायची. मंत्रालयात एकदा शिपाई अंगावर आला.

"बाई, इथे बसायची परवानगी नाही."

"उभं राहायची आहे?"

"उभे राहा ना, कोण नाही म्हणतंय."

"म्हणजे तुमच्या खुर्चीवर बसायची परवानगी नाही. ही माझी आहे."

दोन तासांनी तोच शिपाई तिला सांगत होता की साहेब जेवायला कुठल्या दाराने बाहेर पडतात.

दुसरी गोष्ट तिची साडी. कामाला जाताना कायम हिरवी. एकाच ताग्यातल्या तीन साड्या घेतलेल्या, एक अंगावर, एक दोरीवर, एक कपाटात. शेजारणींना वाटायचं बिचारीला एकच साडी आहे, आणि बोलणी मी खायचो. तळमजल्यावरच्या काकूंनी तर एकदा मला जिन्यात अडवलं, "अहो, बॉयलरवाल्यांना पगार बरा असतो ना?" मी घरी येऊन हिच्यावर भडकलो. ती म्हणाली, "साहेब लोकांना माझं नाव लक्षात राहत नाही. हिरवी बाई लक्षात राहते."

मंत्र्यांना भेटायची तिला हौस नव्हती. गाळ्यांचे मालक मंत्र्याबरोबर फोटो काढायला धडपडायचे. ही म्हणायची, "मंत्री सही करतो. पण सही कशावर करायची ते कारकून लिहितो." म्हणून ती कारकुनाच्या टेबलाशी जायची. हपिसातला चहा प्यायची नाही, चहा आला की त्यांना वाटतं भेट संपली. आणि दिवाळीला मालक लोक काजू-बदामाचे डबे वाटायचे ते तिने आल्या आल्या बंद केले. ज्याच्या टेबलावर आपला कागद आहे त्याला काही द्यायचं नाही आणि त्याचं काही घ्यायचं नाही, पाणीसुद्धा नाही. मालक कुरकुरले. पण हळूहळू हपिसांतून असं झालं, की या बाईचा कागद आला म्हणजे आत पाकीट नाही, नुसता कागद आहे. मग माणूस तो निदान वाचायचा.

आता यात माझा भाग. सांगताना छाती फुगते, फुगू दे. मी थर्ड शिफ्ट करून सकाळी घरी आलो की ती मला अर्ज वाचून दाखवायची. मी चहात बटर बुडवत बसलेलो आणि समोर ही मास्तरणीसारखी उभी. मी कपाळाला आठी घातली की थांबायची. "कुठे अडलं?" मी सांगायचो, इथे. की ते वाक्य खोडून दुसरं. असं चार-चार वेळा. मालकांचे अर्ज इंग्रजीत असायचे, वकिलाकडून लिहून आणलेले, बॉयलरच्या पाईपांसारखे वाकडेतिकडे. हिचे मराठीत, छोटे. एकदा मी वैतागून म्हटलं, "मी अडाणी माणूस, मला काय विचारतेस?"

"तुम्हाला कळलं तर पालिकेच्या सभेतल्या सगळ्यांना कळलं," ती म्हणाली.

याला कौतुक म्हणायचं की काय म्हणायचं ते मला अजून ठरवता आलेलं नाही. पण तिचा एकही कागद माझ्या आठीतून गेल्याशिवाय बाहेर पडला नाही, हे खरं.

पुढे पुढे तिची कीर्ती ठाण्यापर्यंत गेली. माजिवड्याला तीन पोरांनी सॉफ्टवेअरची कंपनी काढलेली. भाड्याच्या दोन खोल्या आणि चार कॉम्प्युटर. वीज रोज ठरल्या वेळी जायची आणि त्यांचं केलेलं काम पुसलं जायचं. वीजवाले दाद देईनात. बाईंनी काय करावं? तिथल्या इंजिनीअर साहेबांना उद्घाटनाला बोलावलं. हार घातला, कॉम्प्युटरपुढे बसवलं, आणि म्हणाली, साहेब, गावाला भावाला एक पत्र टाइप करा, छापून देतो. साहेब खूश. दोन बोटांनी पाऊण तास खपून जमिनीच्या वादाचं सगळं पत्र लिहिलं. शेवटचं 'तुझा दादा' लिहायला घेतलं आणि वीज गेली.

"माझं पत्र कुठाय?"

"गेलं साहेब."

"गेलं म्हणजे? आणा परत!"

"परत लिहावं लागेल. ही पोरं रोज लिहितात."

महिन्याभरात पोरांना वेगळी लाईन मिळाली. मी तिला म्हटलं, वेळ तुला माहीत होती, ही लबाडी झाली. म्हणाली, "वीज मी घालवली का?" त्या पोरांपैकी टायवाला होता तो तिला म्हणाला, "बाई, अमेरिकेत तुमच्यासारख्यांना लॉबिइस्ट म्हणतात. ते लॉबीत उभे राहून कायदे बदलून घेतात." ही म्हणाली, "मग मी नव्हे ती. मी बसते."

पण खरी गोष्ट त्याच्या आधीची, डोंबिवलीची. चूक माझी होती, तेव्हा सांगायचीही मीच.

तेव्हा कॉम्प्युटर नवीन. आमच्या गाळ्यांत बाहेरून मॉनिटर यायचे, म्हणजे तो काचेचा खोका, आणि बाकीचे भाग इथे जुळवून अख्खं यंत्र तयार व्हायचं. जुळवायला सगळ्या बाया. हातात सोल्डरची कांडी, डोळ्यांपुढे भिंग. लग्नानंतर दोन वर्षं, रेडिओ जुळवायचे तेव्हा, ही पण त्याच लाईनीत बसलेली, मग टायपिंग शिकून वर आली. तर शहरात येणाऱ्या मालावर पालिकेची जकात असायची. जकात नाक्यावरच्या यादीत कॉम्प्युटर हा शब्दच नव्हता. नाक्यावरच्या माणसाने काच बघितली आणि लिहिलं टीव्ही. टीव्ही म्हणजे चैनीची वस्तू, म्हणजे सगळ्यात चढी जकात. मालक म्हणाले, हे परवडत नाही, दिवाळीपर्यंत बघू, नाहीतर गाळे बंद करून वापीला जाऊ. तिकडे जकात नाही.

ही घरात येरझाऱ्या घालायची. "मालक वापीला जाईल. बाई कुठे जाणार? सासू इथे, पोरं इथे, नवऱ्याची कंपनी इथे." लाईनीतल्या बायांना यातलं काही माहीत नव्हतं. त्या आपल्या हळदीकुंकवाचे बेत करत होत्या.

तिने अर्ज केला. जकात खात्यातल्या हेडक्लार्कने नीट वाचला. सज्जन माणूस, आमच्यापासून दोन बिल्डिंगी सोडून राहायचा. त्याने आपली टिपणी जवळजवळ तयार केली, की मॉनिटर म्हणजे टीव्ही नव्हे, यंत्राचा भाग आहे, जकात साधी घ्यावी. पुढच्या स्थायी समितीत मंजूर होणार होतं.

आणि आमची पोरगी दहावी पास झाली. फर्स्ट क्लास! आमच्या खानदानात दहावीचं तोंड कोणी बघितलेलं नव्हतं. मी कंपनीत दांडी मारली, पेढे आणले आणि दारोदार वाटत सुटलो. पोरगी पास झाल्यावर ओळखीच्या माणसाच्या दारावरून पेढा न देता पुढे जायचं, हे मला शिकवलेलं नाही. त्या हेडक्लार्कच्याही दारात गेलो. माझ्या डोक्यात फाईलबिईल काही नाही. त्यांच्या घरात माणसं सहा, म्हणून अख्खा पुडाच दिला. बिचारे लुंगीवर होते, म्हणाले, "वा! पोरीला आशीर्वाद सांगा."

स्थायी समितीत विषय आला तेव्हा एक नगरसेवक उठला. "आधी पेढे, मग टिपणी! छान चाललंय." कोणीतरी बघितलेलं असणार. सभा हसली आणि विषय तहकूब.

ती घरी आली ती चप्पल न काढता उभी राहिली.

"पेढे कोणाकोणाला दिलेत?"

मी सांगायला लागलो. तळमजल्यावरच्या काकू, वाणी, इस्त्रीवाला, माझा शिफ्टचा जोडीदार. मग त्यांचं नाव घेतलं.

"ज्यांच्या टेबलावर माझा कागद आहे त्यांना?"

"अगं, मी काय टेबलावर दिले? घरी दिले. पोरगी पास झाली, लोकांचं तोंड गोड नको करायला?"

ओरडली असती तर बरं झालं असतं. तिने टाइपरायटर ओढला आणि खटाखट सुरू. मग नेहमीसारखी उभी राहून वाचायला लागली. सगळा अर्ज पाठ नाही, पण मतलब हा: माझ्या घरून हेडक्लार्क साहेबांच्या घरी पेढे गेले ही गोष्ट खरी आहे. पेढे माझ्या पतीने दिले. कारण, मुलगी दहावी उत्तीर्ण. साहेबांचा यात दोष नाही. तरी संशय राहू नये म्हणून आधीची टिपणी बाजूला ठेवून हे प्रकरण दुसऱ्या टेबलाकडे द्यावे, आणि सुरुवातीपासून तपासावे.

"कळलं?" ती म्हणाली.

"कळलं. पण त्यात मला कशाला घातलंस?"

"पेढे तुम्ही दिलेत म्हणून."

संघटनेची बैठक आमच्या घरीच झाली. मालक लाल झालेले. एक जण, दोन गाळेवाला, म्हणाला, "बाई, सरळ पाकीट दिलं असतं तर कोणाला कळलंसुद्धा नसतं. पेढ्यांनी घात केला!" दुसरा म्हणाला, "आणि दुसरं टेबल कोणतं माहितीय ना? तो म्हातारा. त्याने जन्मात कशाला हो म्हटलेलं नाही." हिने सगळं ऐकून घेतलं. "त्याने हो म्हटलं तर कोणी हसणार नाही," एवढंच बोलली. मला स्वयंपाकघरात तोंड लपवायला जागा पुरेना. माझ्या एका पुड्यापायी त्या बायांची भाकरी वापीला चाललेली.

म्हातारा खरंच खडूस. रिटायर व्हायला वर्ष राहिलेलं. हिला आतच घेईना. "मी घरात टीव्ही घेतलेला नाही. मला त्यातलं कळत नाही." ही स्टूल टाकून बाहेर बसली. रोज. तीन आठवडे. शेवटी तो चिडून दारात आला.

"बाई, तुमचं हे स्टूल माझ्या येण्याजाण्याच्या वाटेत आहे."

"म्हणूनच तिथे ठेवलंय, साहेब."

म्हाताऱ्याने तिच्याकडे बघितलं, मग स्टुलाकडे. म्हणाला, "उद्या ते यंत्र घेऊन या. आणि टीव्हीला काय काय लागतं तेही आणा. मी माझ्या डोळ्यांनी बघणार."

दुसऱ्या दिवशी मी रजा टाकली. गाळ्यातून मॉनिटर घेतला. टीव्हीला लागते अँटेना, ती आमच्याच गच्चीवरून पान्याने सोडवली. त्यावर बिल्डिंगच्या तीन घरांचे टीव्ही चालायचे, त्यांच्या शिव्या वेगळ्या. पालिकेच्या जिन्याने पुढे हिरवी साडी, मागे मी, डोक्यावर खोका आणि खांद्यावर ती ॲल्युमिनियमची काटेरी बाहुली. लोक वळून वळून बघत होते. मी मान खाली घातली नाही. चूक माझी होती, वजनही मीच उचलणार.

म्हाताऱ्याने टेबल रिकामं केलं. मॉनिटर ठेवला. त्याने अँटेनाची वायर हातात घेतली आणि खोक्याला पुढून बघितलं, मागून बघितलं, तिरका करून खालून बघितलं. चष्मा बदलला. बॅटरी मागवली. तोवर बाजूच्या टेबलांवरची माणसं, टायपिस्ट बाया, शिपाई, सगळे गोळा झालेले.

"भोक कुठाय?" म्हातारा म्हणाला.

"तेच म्हणते मी, साहेब."

"नाहीच?"

"नाही."

"मग बातम्या कशा लागणार?"

"नाही लागणार."

"क्रिकेट? रविवारचा सिनेमा?"

"काहीच नाही."

म्हातारा वायर हातात धरून खाली बसला. "मग हे घेऊन माणूस करतो तरी काय?"

"काम," ती म्हणाली.

"नुसतं काम?"

"नुसतं काम."

"मग ही चैन कसली!" म्हातारा एवढ्या जोरात म्हणाला, की मागची टायपिस्ट बाई खुदकन हसली.

त्याने तिथल्या तिथे कागद ओढला. टिपणीतली ओळ मला पाठ आहे: सदर यंत्रास अँटेना जोडण्याची सोय नाही, सबब हा दूरदर्शन संच नव्हे. तिने लिहिलेली नाही, मी तपासलेली नाही, पण आमच्या घरात ती ओळ आरतीसारखी म्हटली जायची. दिवाळीच्या आधी समितीत विषय आला आणि मंजूर झाला. कोणी हसलं नाही. बाहेर आल्यावर त्याच नगरसेवकाने तिला गाठलं.

"बाई, आता तरी पेढे द्या!"

"तुमच्या घरी कोणी पास झालं की तुम्ही द्या. मी खाईन."

गाळे वापीला गेले नाहीत. त्यातले दोन पुढे वाढले, एक ठाण्याला गेला. ठरावात तिचं नाव नव्हतं, तसं ते कुठल्याच कागदात नाही. वर्तमानपत्रात फोटो आला तो मालकांचा. मी चिडलो तर म्हणाली, "कागदावर माझं नाव आलं असतं तर पुढच्या कागदाला कोणी हात लावला नसता."

शेवटी शेवटी घोडबंदर रोडला पोरीकडे राहायला आलो. हॉस्पिटलात पडली तेव्हाही नर्सकडे कागद मागितला आणि वॉर्डातल्या पाट्या मराठीत करा म्हणून अर्ज लिहिला. मला वाचून दाखवला. मी आठी घातली नाही, आणि तिच्या ते लक्षात आलं. "नीट ऐका हो," म्हणाली. पाट्या बदलल्या की नाही ठाऊक नाही. त्या बाजूला मी परत गेलो नाही.

मला आठवते ती ठराव झाला त्याच्या दुसऱ्या दिवसाची संध्याकाळ. मला म्हणाली, चला, गाळ्यांकडे जाऊन येऊ. कशाला, तर सहज. आम्ही एमआयडीसीतल्या बस स्टॉपच्या कट्ट्यावर जाऊन बसलो. साडेपाचला भोंगा झाला आणि गाळ्यांतून बाया बाहेर पडल्या. बोटांना काळे डाग, केसांत अबोलीचे गजरे, हातात रिकामे डबे. दिवाळीत कोण काय करणार यावर मोठमोठ्याने चर्चा. करंज्या, चकल्या, कोणाची नणंद येणार, कोण बोनसच्या साडीचा रंग आत्ताच ठरवून बसलेली. त्यातली एक धिप्पाड बाई आमच्यापुढे येऊन उभी राहिली आणि हिला म्हणाली, "ओ ताई, जरा सरका की तिकडे! दिवसभर बसून पाठ मोडली आमची, तुम्ही काय हवा खायला आलाय?"

ही सरकली. पटकन सरकली. एवढी खूश झालेली मी तिला लग्नातही बघितलेली नाही. मला राहवलं नाही. मी त्या बाईला सांगायला तोंड उघडलं, की बाई, तू उद्या या स्टॉपवर येणार आहेस ती कोणामुळे, माहितीय का तुला? तेवढ्यात हिने पदराआडून माझा हात असा दाबला, की अंगठी बोटात रुतली. बस आली, बाया चढल्या, गेल्या.

नंतरही जेव्हा जेव्हा मी कोणाला हे सांगायला गेलो, तिने असाच हात दाबला. आता दाबायला कोणी नाही. म्हणून सांगितलं.